चॅनल कसंही असो

प्रिय मिरी,

पाकिटावरचं अक्षर बघून आधी तुला वाटेल, विजेच्या ऑफिसातून काहीतरी आलंय. माझं अक्षर तसंच आहे, त्याला इलाज नाही. जन्मभर बिनतारी यंत्रांची कामं केली आणि पत्र लिहायची वेळ आली तेव्हा घरात धड चालणारं पेन सापडेना. शेवटी तुझ्या टेबलाच्या खणातलं हे हिरवं पेन घेतलं, तुला न विचारता. तू म्हणशील, या अँटेनाला साधा फोन करायला काय धाड भरली होती? फोन ठणठणीत आहे, मीही ठणठणीत आहे. पत्रच का, त्याला कारण आहे आणि त्याकडे मी येणार आहे, पण तू मला ओळखतेस, सरळ मुद्द्यावर येणं मला कधी जमलेलं नाही. तेव्हा आधी बातम्या.

पहिली बातमी तुला माहीतच आहे. रविवारी तुझी मावशी आणि काका गाडी घेऊन येणार आहेत, तुझं सामान न्यायला. पलंग, टेबल, पुस्तकांची खोकी आणि तुझ्या आईचं आरशाचं कपाट. जनावरांच्या दवाखान्यातलं तुझं उमेदवारीचं वर्ष सुरू होतंय. इथल्या दवाखान्यानेही तुला घेतलंय आणि मावशींच्या शहरातल्यानेही, आणि कुठे रुजू होणार ते तुला येत्या सोमवारी कळवायचं आहे. मावशींचा मला फोन आला होता. किती चांगल्या बाई आहेत त्या, मी हे तोंडदेखलं म्हणत नाही. मला त्या पहिल्या दिवसापासून ताई म्हणतात, आणि ते म्हणणं त्यांना सोपं गेलं नसणार, कारण त्याआधी ताई म्हणायला त्यांची स्वतःची बहीण होती. त्या म्हणाल्या, "ताई, तिचे बाबा असते तर गोष्ट वेगळी होती. आता पोरीचा भार तुमच्या एकटीवर किती दिवस टाकायचा? तुमची काही हरकत नाही ना?" मी म्हणाले, नाही. संध्याकाळी होस्टेलवरून तुझा फोन आला, तू म्हणालीस मावशी असं असं म्हणतेय, मी म्हणाले तुला सोयीचं असेल तसं कर. तू म्हणालीस, बरं. मग आपण बाथरूमच्या नळाच्या वॉशरबद्दल बोललो आणि फोन ठेवला. नळ दुरुस्त झालाय. ते 'बरं' मात्र तेव्हापासून माझ्या कानात बसलंय.

ऑफिसची बातमी अशी की आम्ही अँब्युलन्ससाठी नवा रेडिओ करतोय. पेशंट गाडीत असतानाच त्याच्या हृदयाचे ठोके, रक्तदाब, श्वास, सगळं दवाखान्यातल्या पडद्यावर दिसायला हवं, म्हणजे गाडी दारात येईपर्यंत डॉक्टर तयारीत. ऐकायला सोपं आहे. सगळी गोम आहे हवेत. लहर काही एका वाटेने येत नाही. एक थेट येते, एक समोरच्या इमारतीवर आपटून येते, एक बसच्या पत्र्यावरून उडून येते, आणि या सगळ्या एकत्र भेटल्या की कधी एकमेकींना जोर देतात, कधी एकमेकींना खाऊन टाकतात. वीतभर पुढे सरकलं की सगळं गणित नव्याने. फ्रिजवरचा आपला छोटा रेडिओ आठव. डाव्या कोपऱ्यात नुसता खरखरायचा आणि चार बोटं उजवीकडे सरकवला की स्वच्छ गायचा, आणि तुझे बाबा पाणी प्यायला फ्रिजपाशी आले की पुन्हा खरखर. मग तू ओरडायचीस की बाबा हलू नका, आणि ते बिचारे ग्लास हातात धरून गाणं संपेपर्यंत तसेच उभे. त्याला आम्ही फेडिंग म्हणतो. आता तेच भर रस्त्यात, धावत्या गाडीत, आणि आत एक माणूस पडलेला.

यावर आमच्या धंद्यात एक उपाय आहे आणि माझी सगळी नोकरी त्या एका उपायावर गेली. ऐकणाऱ्याने बोलणाऱ्याला सारखं कळवत राहायचं की चॅनल आत्ता कसं आहे. चांगलं असेल तर बोलणाऱ्याने एकेका लहरीत भरपूर माहिती कोंबायची आणि भराभर पाठवायची. वाईट असेल तर थोडीच भरायची आणि सोबत जादाची जोड द्यायची, म्हणजे मधलं काही गळलं तरी उरलेल्यावरून ते जुळवता येतं. खराब लाइनवर आपण नंबर सांगताना नाही का एकेक आकडा सुटा सांगत, सात, सहानंतरचा सात, कळलं का? आणि लाइन स्वच्छ असली की एका दमात सगळे आकडे. माणसं हे कुणी न शिकवता करतात. यंत्राला शिकवायला माझी पंचवीस वर्षं गेली, पण पगार वेळेवर मिळाला, तक्रार नाही.

तुझ्या बाबांची आणि माझी गाठही याच कामात पडली. ते लिफ्ट दुरुस्त करायला आले होते एवढं तुला माहीत आहे. लिफ्ट बिघडली कशाने ते त्यांनी तुला सांगितलं नसणार, कारण मीच त्यांना तशी गळ घातली होती. लिफ्ट म्हणजे पत्र्याची पेटी. दार बंद झालं की सिग्नल बुडतो, उघडलं की वर येतो, त्यामुळे आमच्यासारख्यांना ती फुकटची प्रयोगशाळा. मी एका ट्रॉलीवर रेडिओ ठेवून, सोबत स्टूल आणि चहाचा थर्मास घेऊन सकाळपासून वरखाली फेऱ्या मारत होते. बाकीच्या ऑफिसने जिने चढून चढून शिव्या घातल्या असतील. दुपारी लिफ्टची मोटर तापली आणि ती तिसऱ्या आणि चौथ्या मजल्याच्या मध्ये बंद पडली. तासाभराने वरून दार उघडलं आणि एक माणूस वाकून बघायला लागला. माझ्याकडे, स्टुलाकडे, थर्मासकडे बघून त्याने विचारलं, "कितव्या मजल्यावर जायचं होतं?" मी म्हणाले, "कुठेच नाही." त्यावर कोणीही हसलं असतं किंवा चिडलं असतं. त्यांनी हत्यारांची पिशवी खाली ठेवली, मोटर चालू केली, आत येऊन दार लावून घेतलं आणि म्हणाले, चला. दोन फेऱ्या माझ्यासोबत उभे राहिले. पुढच्या आठवड्यात कुणी बोलावलं नसताना लिफ्ट तपासायला आले. मग पुन्हा आले. आमच्या इमारतीच्या लिफ्टची त्या वर्षी झाली तशी निगा पुन्हा कधी झाली नाही. अशाच एका खेपेला त्यांनी सांगितलं की घरी एक मुलगी आहे, तिची आई तीन वर्षांपूर्वी गेली, आणि पोरीला आम्ही मिरी म्हणतो, एवढीशी दिसते पण दाताखाली आली की कळते.

दाताखाली तू लवकरच आलीस. मी पहिल्यांदा घरी आले तेव्हा तू जमिनीवर बसून बुटाला लेस ओवत होतीस. वर न बघता विचारलंस, ही काकू काय करते? बाबा म्हणाले, अँटेना लावते. झालं. मी अँटेनाकाकू झाले, आणि पुढे त्यातली काकू कुठे गळून पडली ते कळलंच नाही. तुझी शिक्षिका एकदा मला काळजीने बाजूला घेऊन म्हणाली की मुलगी तुम्हाला काहीतरी भलत्याच नावाने हाक मारते, तुम्ही तिला समजावून सांगा. मी म्हणाले, सांगेन हं. कशाला सांगतेय. मला कुणी जन्मात टोपणनाव ठेवलं नव्हतं.

पण मला मुलांचं काही येत नव्हतं, हे खरं. आमच्या घरी मी एकटी, पुढे होस्टेलवर एकटी, प्रयोगशाळेत एकटी. मला एकच विद्या येत होती, ऐकणाऱ्याची स्थिती बघून बोलायचं. मग मी तीच घरात लावली. तुझ्या बाबांना मी कामाला जुंपलं होतं हे तुला आज सांगते. जेवणं झाली की ते तुझ्या खोलीत डोकावून यायचे आणि स्वयंपाकघरात मला रिपोर्ट द्यायचे, तोही मजल्यांत. गच्ची म्हणजे स्वारी खुशीत. दुसरा मजला म्हणजे बरी आहे, पण फार बोलू नकोस. तळघर म्हणजे काही खरं नाही. मग मी त्या त्या मजल्याप्रमाणे तयारी करून आत यायचे. एकदा ते म्हणाले, तळघर. गणितात काहीतरी झालं होतं. मी दूध तापवलं, चपला बाहेर काढल्या, दिवा न लावता तुझ्या पलंगाच्या कडेला बसले आणि अगदी हलक्या आवाजात म्हटलं, असू दे गं. दूध तापेपर्यंत तुझ्या मैत्रिणीचा फोन येऊन गेला होता आणि तू उशीत तोंड घालून खिदळत होतीस. माझा तो चेहरा बघून तू एकदम उठून बसलीस आणि घाबरून विचारलंस, "कोण गेलं?" बाबा दाराबाहेर उभे राहून इतके हसले की त्यांना खोकल्याची उबळ आली. आणि ते गच्ची म्हणाले म्हणून मी सहलीचा नकाशा फडकवत आत आले आणि तू भिंतीकडे तोंड करून रडत होतीस, असंही झालं. रिपोर्ट घेऊन दोन खोल्या ओलांडेपर्यंत तुझी लिफ्ट कुठल्या कुठे गेलेली असायची. मी मात्र हट्टाने पुन्हा रिपोर्ट मागवायचे. मला वाटायचं, अजून नेमका रिपोर्ट मिळाला की मला तुझी आई होता येईल. हे वाक्य लिहिताना हात थांबला होता, पण खोडत नाही.

आता अँब्युलन्सकडे येते, कारण गेल्या महिन्यात माझा रेडिओ सपशेल आपटला. ऑफिसच्या आवारात गाडी उभी होती तोवर तो राजासारखा चालला. हळू चालवली तेव्हाही छान. मोठ्या रस्त्याला लागून ड्रायव्हरने वेग घेतला आणि दवाखान्याच्या पडद्यावरची हृदयाची रेघ दात पडलेल्या कंगव्यासारखी झाली. पेशंट म्हणून आम्ही स्टोअरमधल्या भाऊंना झोपवलं होतं, कारण ते कुठेही आडवे होऊ शकतात. पडद्यावर पाहिलं तर भाऊ दर थोड्या वेळाने वारत होते आणि पुन्हा उठत होते. लाज वाटायची गोष्ट पुढेच आहे. त्याच गाडीत जुना सेट होता, कुणाला काही न विचारता आपल्या एका चालीने रखडत पाठवत राहणारा, आणि त्याच्यावर भाऊंचे ठोके माझ्यापेक्षा जास्त पोचले. आमचे छोटे साहेब, वयाने तुझ्यापेक्षा फार मोठे नसतील, गुणी मुलगा आहे, म्हणाले मॅडम, रिपोर्ट वाढवू, दुपटीने मागवू. मागवले. मग हवेत रिपोर्टांचीच इतकी गर्दी झाली की ठोक्यांना जागाच उरेना. गाडी पुढे पुढे आणि मी मागे मागे. रिपोर्ट खोटा नव्हता, हे लक्षात घे. शिळा होता. तो निघाला तेव्हा अगदी खरा होता, पण मी तो वाचून, ठरवून, त्याप्रमाणे पाठवेपर्यंत गाडी त्या जागी नव्हतीच. मी दर वेळी अगदी काळजीपूर्वक, अगदी नेमकं, मागच्या जागेला उत्तर देत होते.

पुढचे दोन दिवस असेच गेले. डबा उघडून बसायचे आणि कोपराचं प्लास्टर आठवायचं. तुझा हात मोडला होता तेव्हाचं. तू बाराची असशील, सायकलवरून पडलीस, आणि सुट्टीभर घरात अडकलीस. खाज सुटायची, झोप यायची नाही, सगळ्यांवर राग. त्या दिवसांत तुला कशाने बरं वाटेल हे कुणालाच कळेना, तुलाही नाही. बाबा तर म्हणाले, आज लिफ्ट बंद आहे, रिपोर्ट नाही. आणि माझ्याकडे एका रेडिओचं माहितीपुस्तक तपासून द्यायचं काम होतं. मग मी दुपारी तुझ्या खोलीत खुर्ची टाकून ते मोठ्याने वाचायला लागले, कारण मोठ्याने वाचलं की मला चुका सापडतात. तुझ्यासाठी नव्हतंच ते. बटण क्रमांक एक दाबा, हिरवा दिवा लागल्याची खात्री करा. तू आधी म्हणालीस बंद कर. मी म्हणाले कामाचं आहे. मग तू छताकडे बघत ऐकत राहिलीस आणि लाल दिव्यापर्यंत येता येता झोपलीस. दुसऱ्या दिवशी तूच म्हणालीस, ते तुझं कंटाळवाणं वाच ना. पुस्तक संपलं तेव्हा मी पुन्हा पहिल्यापासून वाचलं. तू चिडलेली असलीस तरी वाचलं, हसत असलीस तरी तेच, त्याच आवाजात. शाळा सुरू झाल्यावर बाईंनी तुला विचारलं की लक्ष कुठे होतं, तर तू सांगितलंस, चॅनल खराब होतं. त्याची चिठ्ठी घरी आली आणि बाबांनी ती फ्रिजवर लावून ठेवली. ती सुट्टी मला आपल्या दोघींची सगळ्यात चांगली सुट्टी वाटते, आणि त्या सुट्टीत मी तुला एकदाही विचारलं नव्हतं की तुला आत्ता काय हवंय.

उपाय निघाला तो असा सोपा. वेग वाढला की विचारणं बंद करायचं. चॅनल बेताचं आहे असं धरून चालायचं आणि संथपणे, जोड देऊन पाठवत राहायचं. एकेका ठोक्याचे तुकडे करून ते लांबवर विखरून टाकायचे, म्हणजे मध्ये खड्डा आला तर अख्खा ठोका जात नाही, दहा ठोक्यांचा एकेक कण जातो, आणि तो भरून काढता येतो. गाडी थांबली, हळू झाली, की पुन्हा खुशाल विचारा. छोटे साहेब म्हणाले, पण मॅडम, मधल्या चांगल्या पट्ट्यात आपण दुप्पट पाठवू शकलो असतो, ते सगळं वाया जाणार. मी म्हणाले, जाऊ दे वाया. गेल्या आठवड्यात गुरुवारी पुन्हा चाचणी झाली. मी गाडीतच होते. पुलाखालून, बाजारातून, उंच इमारतींच्या मधून भाऊंचा ठोकान् ठोका पोचला. शेवटी शेवटी दवाखान्यातून नर्सचा फोन आला की पेशंटची नाडी संथ झालीय, बघा. बघितलं तर भाऊ घोरत होते. सगळे हसले. मीही हसले, आणि गाडीतून उतरल्यावर आवारातल्या कट्ट्यावर बसून रडले, आणि विचारायला आलेल्या छोट्या साहेबांना सांगितलं की डोळ्यांत धूळ गेली.

बाबा गेल्यापासून तुझा रिपोर्ट द्यायला मला कुणी उरलं नाही, मिरी. मग मी तुझ्या 'हॅलो'वरून अंदाज बांधायला लागले. 'हॅलो' बारीक आलं की मी ठरवायचे, आज हिला बोलायचं नाही, आणि आटोपतं घ्यायचे. मागे मैत्रिणींचे आवाज ऐकू आले की म्हणायचे, नंतर बोलू. परीक्षा असेल, थकली असेल, मावशीकडे असेल, आज तिच्या बाबांची आठवण येत असेल आणि माझा आवाज नको असेल. आणि तू काही कमी नाहीस. तू माझा आखडलेला आवाज ऐकून आणखी आखडायचीस. दोघी एकमेकींना जपत जपत एकेक पायरी उतरत गेलो आणि आता नळाच्या वॉशरवर येऊन थांबलोय. जेवलीस का, पाऊस आहे का, रिचार्ज झाला का. या सगळ्यात मी तुला एकदाही सांगितलं नाही की बाबा गेल्यावर पहिल्या महिन्यात मी दोन माणसांचा चहा करून टाकायचे आणि दुसरा कप तुझ्या टेबलावर ठेवून यायचे, त्यांच्या जागेवर नाही. तू होस्टेलला परतली होतीस. संध्याकाळी तो उचलून मोरीत ओतायचे. त्यांची आठवण मला घरभर येते. तुझी येते तेव्हा मी त्या खोलीत जाते.

काल तिथेच होते. कपाट दारातून बाहेर जाईल का ते बघायला टेप घेऊन गेले होते, मावशींची खोटी व्हायला नको म्हणून. नाही जात. दार बिजागरीतून काढावं लागेल. बाबांच्या पिशवीतला स्क्रूड्रायव्हर आणला आणि कामाला लागले. वरचा स्क्रू गंजलेला, जोर लावून काढला. तो तळहातावर घेऊन बघत होते आणि एकदम वाटलं, मी हे काय करतेय? तुला जायचंय असं मला कुणी सांगितलंय? मावशींना वाटतं तू इथे मला जड होतेस. तुला वाटत असेल मला मोकळं व्हायचंय. मला वाटतं तुला तुझ्या आईच्या माणसांत जायचंय. प्रत्येकजण दुसऱ्याच्या तोंडाकडे बघून आपलं वाक्य ठरवतोय, आणि रविवारी दारात गाडी येऊन उभी राहणार आहे, तीही सगळ्यांच्या भल्यासाठी. स्क्रू परत लावला. जेवले, भांडी घासली आणि तुझा खण उघडून पेन काढलं.

तर पत्र का, ते ऐक. फोनवर मी हे बोलू शकले नसते. मी पहिला शब्द बोलले असते, तू नुसता श्वास घेतला असतास, आणि त्या श्वासावरून मी पुढचं वाक्य बदललं असतं. समोर बसवून तर मुळीच नाही. तुझ्या भुवया मला येतात वाचता, किंवा येतात असं मला वाटतं. कागदावर तू मला दिसत नाहीस, ऐकू येत नाहीस. तू हे चिडलेली असताना वाचशील की रडत असताना, होस्टेलच्या खोलीत की एखाद्या गाईच्या पोटाला कान लावून झाल्यावर, मला कळणार नाही, आणि म्हणून मला एक अक्षरही बदलता येणार नाही. मावशींनी विचारलं हरकत आहे का. हरकत नाही. पण मला काय हवंय हे कुणी विचारलं नाही, आणि मी सांगितलंही नाही, ते आज सांगते. मला तू इथे हवी आहेस. बाबांना दिलेला शब्द वगैरे काही नाही, त्यांनी माझ्याकडून कसलाही शब्द घेतला नव्हता. तुझा भार वाटत नाही, तू नसलीस की घर मला जड होतं. तू माझी मुलगी आहेस. तू मला आई म्हण, अँटेना म्हण, काही म्हणू नकोस, तरी आहेस. तू मावशींकडे जायचं ठरवलंस तर मी स्वतः दार काढून देईन आणि कपाटाला माझा हात लावीन, आणि तरीही तू माझी मुलगी राहशील, आणि पुढच्या आठवड्यात तुला हेच पत्र पुन्हा येईल, आणि त्याच्या पुढच्या आठवड्यात पुन्हा, तू उत्तर दे किंवा देऊ नकोस. मिरी, घरी ये. मी इथेच आहे.

तुझीच,
अँटेना